पलीकडचं गोदाम

बाबा, तुमचं गोदाम पाडून तिथे आता काचेची इमारत उभी राहिली आहे. मरोळला कामासाठी गेले होते तेव्हा पाहिली. रिक्षावाल्याला थांबायला सांगितलं, मग थांबून नेमकं काय पाहायचंय ते मलाच कळेना, म्हणून त्याला पुढे चल म्हटलं. तुम्ही जाऊन आता इतकी वर्षं झाली की 'वडील पूर्वीच वारले' हे मी पत्ता सांगावा तसं सांगते, आणि ऐकणाऱ्यालाही चेहरा पाडायची गरज वाटत नाही. ते बरंच आहे. तरी हे लिहायला बसले, कारण मध्यंतरी एक गोष्ट घडली आणि ती तुमच्याशिवाय कुणाला सांगितली तर आधी सगळं गोदाम समजावून सांगावं लागेल. म्हणजे दोन्ही गोदामं.

पहिलं मरोळचं. मिल बंद पडल्यावर गावच्या कुणीतरी तुम्हाला तिथे चिकटवलं. सिनेमा-सिरियलवाल्यांना सामान भाड्याने द्यायचं गोदाम ते. मे महिन्याच्या सुट्टीत मी चाळीत रोज एकाशी तरी भांडते म्हणून आई मला तुमच्याबरोबर पाठवून द्यायची. मला अजून तो वास येतो, डांबराच्या गोळ्यांचा आणि तापलेल्या रेक्झिनचा. पत्र्याखाली एका बाजूला सिंहासनं, त्यांना लागून हॉस्पिटलच्या खाटा, मग कोर्टातला आरोपीचा पिंजरा, त्यात रचून ठेवलेल्या देवळाच्या घंटा. मुके टेलिफोन ओळीने. भिंतभर घड्याळं, आणि प्रत्येकात वेगळे वाजलेले. तुम्ही अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट घालून त्या सगळ्यातून असे चालता की जणू आपल्याच घरात पाण्याचा तांब्या शोधताय. कुणी येऊन म्हणतं, "काका, गरिबाचं घर पाहिजे, पण फार गरीब नको," आणि तुम्ही कुठूनशी एक खाट, दोन पातेली, एक तडा गेलेला आरसा काढून टेम्पोत चढवता. संध्याकाळी ते घर परत येतं. उतरवणाऱ्या पोरांना घाई असते. जिथे जागा दिसेल तिथे ते टाकून जातात आणि दुसऱ्या दिवशी न्यायाधीशाची खुर्ची न्हाणीघराच्या बादल्यांमध्ये सापडते.

दुसरं गोदाम तुम्ही माझ्यासाठी काढलंत. आमच्या शाळेच्या हेडबाई आमच्या कांदिवलीच्या स्वयंपाकघरात उभ्या राहून मासे साफ करतायत असं स्वप्न मला पडलं होतं आणि त्याने माझी पाचावर धारण बसली होती. आईने मीठ-मोहऱ्या ओवाळल्या. तुम्ही मात्र सकाळी बसमध्ये अगदी धंद्याची गोष्ट सांगावी तसं सांगितलंत. पलीकडे एक गोदाम आहे. आपला गेलेला प्रत्येक दिवस तिथे जमा होतो, माणसांसकट, भांड्यांसकट, वासासकट. आपण झोपलो की स्वप्नवाले टेम्पो घेऊन दारात येतात. त्यांनाही घाई. एक बाई द्या म्हणतात, एक स्वयंपाकघर द्या, थोडे मासे द्या. गोदामवाला हाताला लागेल ते देतो. त्याचा दोष नाही, आधीच्या खेपेला सामान जागच्या जागी ठेवलेलं नसतं. म्हणून हेडबाईंच्या हातात बांगडे आले. मला ते शंभर टक्के पटलं. आजही, मेंदूबद्दल इतकं काही वाचून, मला ह्याहून बरं उत्तर मिळालेलं नाही.

मग ते आपल्या दोघांचं चालूच राहिलं. मी विचारायचे, तिथला मालक कोण? मालक नाही, नुसता सांभाळणारा आहे. भंगारात काय टाकतात? काही नाही, तिथलं काहीच भंगारात जात नाही, फार दिवस मागणी आली नाही तर मागे मागे सरकतं एवढंच. तुमचा एक नियम दोन्ही गोदामांना सारखा होता, आणि तो मला ओरडा खाऊन कळला. मी मरोळहून प्लास्टिकचा एक आंबा फ्रॉकच्या खिशात घालून घरी आणला होता. तुम्ही जेवत्या ताटावरून उठलात. मारलं नाहीत, पण आवाज असा काढलात की शेजारचा रेडिओ बंद झाला. "थयचा हय हाडूचा नाय आणि हयचा थय न्हेवचा नाय," म्हणालात. तिकडचं इकडे आणायचं नाही आणि इकडचं तिकडे न्यायचं नाही. दुसऱ्या दिवशी मला सोबत नेऊन तो आंबा माझ्याच हाताने टोपलीत ठेवायला लावलात.

आणि मग तुम्ही स्वतःच इकडचं तिकडे नेलंत. कुठल्याशा सिरियलमध्ये नायिकेच्या मेलेल्या वडिलांची तसबीर हवी होती. ज्याचा फोटो ठरला होता तो माणूस आयत्या वेळी नको म्हणाला, त्याच्या बायकोने अडवलं होतं. सेटवरचा पोरगा रडकुंडीला आलेला. त्याने तुमच्याकडे पाहिलं आणि म्हणाला, काका, तुमचा चेहरा सज्जन आहे. गोदामातल्या कपड्यांमधला राखाडी कोट तुम्हाला चढवला. डॉक्टर, वकील, खासदार सगळे तोच कोट घालायचे. तुम्हाला तो ढगळ होत होता म्हणून पाठीमागून पिना लावल्या. गल्लीतल्या स्टुडिओत फोटो काढला, चौकट केली, चंदनाच्या सालींचा हार घातला. तुम्ही घरी येऊन चकार शब्द काढला नाहीत. वाटलं असेल, एका दिवसाचं काम आहे, कोण बघतंय.

सगळ्या चाळीने बघितलं. नायिका रोज उठून त्या तसबिरीपुढे रडायची. पहिल्या दिवशी आईने हातातलं पीठ तसंच ठेवून टीव्ही बंद केला आणि तुम्ही कामावरून आल्यावर दारातच विचारलं, "जित्या माणसाक हार घालतत?" तुम्ही हसलात. "अगो, हार फोटोक घातल्यानी, माका खंय?" ते हसणं फार महागात पडलं. आई कितीतरी दिवस तुमच्याशी माझ्यामार्फत बोलत होती. तुम्ही समोर बसलेले असताना मला सांगायची, त्यांना विचार, आमटी हवी का. तुम्हाला मात्र त्या तसबिरीचा लळा लागला. सिरियल संपल्यावर ती गोदामात परत आली आणि भाड्याने फिरू लागली. कधी शेटजीच्या बंगल्यात, कधी फौजदाराच्या घरी. तुम्ही आईच्या नकळत मला कानात सांगायचात, "आज मी बंगल्यात मेलंय." मला हसू आवरायचं नाही.

खरोखर गेलात तेव्हा तुमचा एकट्याचा असा एकही धड फोटो निघाला नाही. लग्नाच्या घोळक्यात डोळे मिटलेले, सत्यनारायणाला पाठमोरे. गोदामाच्या मालकांनी माणसाबरोबर ती तसबीर पाठवून दिली, हार काढून, पुसून. आईने ती हातातसुद्धा धरली नाही. तिने तुमच्या मिलच्या पासावरचा एवढासा फोटो देव्हाऱ्याच्या खाली चिकटवला आणि हार घातला नाही. एकदा घालून झाला आहे, परत नको, म्हणाली. तसबीर मी नेली. लग्न होऊन मुलुंडला आले तेव्हा ती माझ्याबरोबर आली आणि तेव्हापासून दिवाणखान्यात आहे. मी रोज किल्ली तिच्याखाली ठेवते. तुमचा चेहरा आठवायचा म्हटलं की आधी तो कोट येतो. त्यात मला काही खटकलंही नाही.

आता मुद्द्याचं. आपली चाळ रिडेव्हलपमेंटला गेली. बिल्डर, मीटिंगा, सह्या सगळं झालं आणि बिऱ्हाडं एकेक करून बाहेर पडली. कुणी बोरिवलीला, कुणी वाकोल्याला. नवी इमारत उभी राहीपर्यंत आईने माझ्याकडे मुलुंडला यायचं असं ठरलं होतं. सही करताना तिने ते मान्यही केलं होतं. पण खोल्या रिकाम्या व्हायला लागल्या तशी ती बसूनच राहिली. मी विचारलं, काय झालं? म्हणाली, "हे येतले आणि हयसर खड्डो बघतले. मगे खंय जातले?" हे म्हणजे तुम्ही.

तुम्हाला आठवत असेल, आपल्यात घर बदललं की गेलेल्या माणसांना तसं सांगतात. कांदिवलीच्या खोलीत आलो तेव्हा तुम्हीच उंबऱ्यात नारळ घेऊन गाऱ्हाणं घातलं होतंत, वडिलांना आणि त्यांच्या वडिलांना नवीन पत्ता सांगितला होतात, स्टेशनापासून कसं यायचं ह्यासकट. तेव्हा ते सांगायला तुम्ही हयात होतात. आता गाऱ्हाणं घालायला पुरुष माणूस नाही, असं आईचं म्हणणं. शिवाय नुसतं सांगून भागत नाही, ते ऐकलं गेलं हे कळायला हवं. गेलेलं माणूस स्वप्नात येऊन हो म्हणालं तर खरं. तिला स्वतःला ह्या वयात झोप अशी लागतच नाही, "झोपच नाय तर येतले खंय?" म्हणायची. तेव्हा ते काम माझ्याकडे आलं. रोज सकाळी फोन. चहा झाला का, पाणी आलं का, आणि मग सहज विचारल्यासारखं, "सपनात इले?"

इथे मला स्पष्ट लिहू दे. तुम्ही माझ्या स्वप्नात कधीच आला नाहीत. एकदाही नाही. गेल्यानंतर लगेच शेजारच्या काकूंच्या स्वप्नात जाऊन पाणी मागितलंत, त्यावर आई महिनाभर काकूंशी अवघडून वागत होती. माझ्याकडे नाही. हेडबाई येतात, ऑफिसची लिफ्ट येते, कधी नुसता मरोळचा पत्रा येतो आणि खाली कुणी नसतं. ज्याने मला त्या गोदामाचा पत्ता दिला तोच माणूस तिथे मिळत नाही, ह्याचं मला वाईट वाटायचं. मग वाटेनासं झालं. फार दिवस मागणी केली नाही की सामान मागे सरकतं, हे तुम्हीच सांगितलं होतंत.

चाळीत शेवटी आई एकटी राहिली. जिन्यातले दिवे काढून नेले. खालच्या खोल्यांची दारं-खिडक्या गेल्या. पाणी बंद करणार असं सांगून गेले. सोसायटीच्या सेक्रेटरीने मला फोन करून, ताई, आता तुम्हीच काय ते बघा, असं फार सभ्यपणे सांगितलं. त्या मोकळ्या इमारतीत ती पडली झडली तर कुणाला कळलंही नसतं. मी तिला समजावलं, चिडले, एकदा रडलेही, आणि मी रडणाऱ्यातली नाही हे तुम्हाला माहीत आहे. ती म्हणायची, अगो मी कुठे नाही म्हणते, त्यांना फक्त एकदा येऊ दे.

तेव्हा एका रविवारी मी सकाळीच कांदिवलीला गेले, तिच्यासमोर पाटावर बसले आणि म्हणाले, "आई, बाबा आले होते."

मी पवईला एका विमा कंपनीत आहे. गाड्यांच्या अपघाताचे दावे तपासणं हे माझं काम. दिवसभर मी लोकांच्या गोष्टी वाचते आणि त्यातली खोटी कुठली ते ओळखते. खोटं बोलणारा माणूस तपशील जास्त देतो, आणि त्यातला एखादा त्याच्या नकळत दुसरीकडून उचललेला असतो. हे मी नव्या मुलांना शिकवते. बाबा, त्या दिवशी मी अगदी तसंच केलं. आई एकेक विचारत गेली, जसं आपल्याकडे विचारतात. दारातून आले की आतच होते? कोरडे होते की भिजलेले? बसले? काही मागितलं? मी सांगत गेले. दारातून आलात, कोरडे होतात, खिडकीजवळच्या खुर्चीवर बसलात, चहा बशीत ओतून प्यायलात. आईचे डोळे भरून आले होते. आणि कपडे कुठले होते, असं तिने विचारल्यावर मी म्हणाले, कोट. राखाडी कोट होता.

तिचा हात वाटाणे निवडता निवडता थांबला.

"कोट?" म्हणाली.

मी हो म्हटलं. त्या क्षणी मला काही उमगलंच नाही. तिने माझ्याकडे जरा वेळ पाहिलं आणि विचारलं, काय म्हणाले? मी म्हटलं, जा म्हणाले. पत्ता मी शोधतो म्हणाले. ती पुन्हा वाटाणे निवडायला लागली. थोड्या वेळाने म्हणाली, "इले ना? बरा झाला." मग उठून तिने काळ्या वाटाण्याचं सांबारं केलं, आंबोळ्या घातल्या, तुमच्या नावाची वाडी, म्हणजे गेलेल्या माणसाचा घास, केळीच्या पानावर वाढून मागच्या भिंतीवर ठेवली, आणि शेजारी बशीत चहा ठेवला. दुपारपर्यंत तिने माळ्यावरची पितळी भांडी खाली काढायला सुरुवात केली होती. कोटाची चूक मला परतताना घाटकोपरच्या पुलावर कळली. तुम्ही जन्मात कोट घातला नव्हता. त्या एका फोटोपुरता, आणि तोही गोदामाचा. पाठीला पिना लावलेला.

तेव्हापासून चोराच्या मनात चांदणं. सामान बांधताना मी तिच्या चेहऱ्याकडे बघत होते. तिने ताकास तूर लागू दिली नाही. बरण्यांना फडकी गुंडाळली, देव वर्तमानपत्रात नाही तर तिच्या जुन्या साडीत बांधायला लावले. मला वाटलं, विसरली असेल. म्हाताऱ्या माणसाला कोट काय आणि शर्ट काय.

शेवटच्या दिवशी टेम्पो खाली उभा होता. खोलीत काही राहिलं नव्हतं, फक्त भिंतीवर कपाटाएवढा उजळ रंग. आई म्हणाली, नारळ दे. मी म्हटलं, तूच घालणार गाऱ्हाणं? म्हणाली, मग काय टेम्पोवाला घालणार? पदर डोक्यावरून घेतला, उंबऱ्यात उभी राहिली आणि मला म्हणाली, तू 'व्हय म्हाराजा' म्हणायचं. मग सुरू झाली. तुमच्यासारखा आवाज चढवून नाही. शेजारणीशी बोलावं तशी.

"बा देवा म्हाराजा, आज आमी ही जागा सोडतव. कोनाचा काय ऱ्हवला असात तर पदरात घेवा."

व्हय म्हाराजा, मी म्हटलं.

"आमी मुलुंडाक जातव, चेडवाकडे. स्टेशनाच्या पूर्वेक, भाजी मार्केटाच्या मागे, दुसरो माळो. वाट चुकलात तर भाजीवाल्याक इचारा." चेडू म्हणजे मी, तिची मुलगी.

व्हय म्हाराजा.

तिने नारळ दोन्ही हातांत नीट धरला. आवाज जरासा खाली आला.

"आणि येताना तो कोट घालून येव नकात. तो तुमचो न्हय. आपल्या शर्टार येवा, म्हणजे चेडवाक वळखाक येतलात."

ती वळून बघत नव्हती, नुसती वाट बघत उभी होती. शेवटी मी म्हटलं, व्हय म्हाराजा. तिने नारळ उंबऱ्यावर फोडला, एक भकल माझ्या हातात दिली आणि जिना उतरायला लागली, भिंतीला धरून, एकेक पायरी.

आता ती मुलुंडला आहे. भाजीवाल्याशी तिची ओळख झाली आहे. तसबीर मी काढून ठेवू का असं विचारलं, तर म्हणाली, असू दे, तुझी सवय आहे. दुपारी ती चांगली झोपते. स्वप्नाचं तिने पुन्हा कधी विचारलं नाही आणि मीही काही सांगितलं नाही. मला कळलंय हे तिला कळलंय, आणि आमचं त्यावर उत्तम चाललं आहे. मला तिच्यापुढे कबूल करून मोकळं व्हायची गरज वाटत नाही. तिने मला त्यातून केव्हाच मोकळं केलं, तेही तुमच्यादेखत.

हे पाठवायचं कुठे? मरोळला काच आहे, कांदिवलीला आई म्हणाली होती तो खड्डा आहे. पत्ता तर तुम्हाला तिने दिलेलाच आहे. एक गोष्ट मात्र तिलाही माहीत नाही, ती लिहून थांबते. मी रचलेलं ते स्वप्न हल्ली मला आठवतं. ठरवून नाही, असंच, भांडी लावताना, लिफ्टची वाट बघताना. खिडकीजवळची खुर्ची, बशीत ओतलेला चहा, तुम्ही त्यावर फुंकर घालताय. अंगात तो अर्ध्या बाह्यांचा पांढरा शर्ट. बाबा, मला ते स्वप्न पडलेलंच नाही. पण ते पडलं नव्हतं हे आता मला प्रत्येक वेळी मुद्दाम आठवावं लागतं, आणि अलीकडे मी ते आठवत नाही.